उत्तरेकडच्या खिडकीची किंमत

वादी : एक. लिंग : स्त्री. वय : अंदाजे अठ्ठावन्न (जन्मतारखेबाबत वादीची आई आणि वादीची शाळा यांच्यात मतभेद असून दोघींपैकी एकही आता साक्षीस उपलब्ध नाही). धंदा : रफू. मिळकत : तळमजल्यावरील एक खोली, अकरा फूट बाय नऊ. चतुःसीमा येणेप्रमाणे : पूर्वेस रस्ता, दक्षिणेस जिना, पश्चिमेस सामाईक भिंत, उत्तरेस खिडकी आणि खिडकीपलीकडे प्रतिवादी. अंगावरील ओळखीची खूण : डाव्या हाताच्या तर्जनीचे टोक सुईने टोचून टोचून चाळणीसारखे झालेले. सवयी : समोरच्या माणसाच्या तोंडाकडे न बघता त्याच्या कपड्यांकडे बघणे.

कोर्टाला एवढी माहिती पुरते. गल्लीला त्याहून कमी पुरायची. गल्ली त्यांना रफूकाकू म्हणायची.

रफूचा धंदा त्यांना सासऱ्यांकडून मिळाला. म्हाताऱ्याला दोन मुलगे होते, पण एकाच्याही अंगात तासभर एका जागी बसण्याची चिकाटी नव्हती. थोरल्याची बायको मात्र लग्नानंतर महिनाभरात सासऱ्यांच्या शेजारी स्टूल घेऊन बसली ती कायमची. सिगारेटनं जळलेला कोट, खिळ्याला अडकून फाटलेली पँट, उंदरानं चव घेतलेली शाल असं काहीही यायचं. कपड्याच्याच आतल्या शिवणीतून धागे काढायचे आणि भोकावर पुन्हा कापड विणायचं. रफू चांगलं झालं की ते झालंय हेच कळत नाही. त्यामुळे या धंद्यात जाहिरातीची सोय नाही.

रफूला उजेड मात्र उत्तरेचा लागतो. तो दिवसभर एकसारखा असतो आणि त्यात काळा आणि गर्द निळा वेगळे दिसतात. दिव्याखाली ते सख्ख्या भावांसारखे दिसतात, आणि उन्हात गेल्यावर सख्ख्या भावांसारखेच वेगळे होतात.

सासरे गेल्यावर घराची वाटणी झाली. थोरल्याला पुढची खोली, धाकट्याला मागच्या खोल्या आणि मधलं आवार. आठ वर्षांपूर्वी थोरला गेला. खिडकी, आवार आणि आवारापलीकडे जावेच्या स्वयंपाकघराची खिडकी अशी मांडणी पंचवीस वर्षं कुणाच्या डोळ्यांवर आली नाही. मग धाकट्या दिराचा फरशीचा धंदा वाढला आणि त्याला आवारात गोदाम बांधायचं मनात आलं. गोदामाची भिंत रफूकाकूंच्या खिडकीपासून हातभर अंतरावर येत होती.

"वहिनी, खिडकी तुमचीच आहे," दीर समजुतीनं म्हणाला. "ती मी कुठे घेतोय? भिंत माझ्या जागेत आहे."

"मग खिडकीतून मी बघू काय, भाऊजी?"

"भिंत बघा. नवी कोरी असेल."

भिंतीचे पाच थर झाले. सहावा थर खिडकीच्या चौकटीला लागणार, त्या दिवशी रफूकाकूंनी वकील गाठला.

या वकिलांना कोर्टात पुरवणी वकील म्हणत, कारण त्यांचा कुठलाही अर्ज एका अर्जात संपत नसे. माणूस प्रामाणिक, फी माफक, आवाज मोठा. पण त्यांच्या कोटाचं अस्तर तीन ठिकाणी उसवलेलं होतं. रफूकाकूंनी ते पाहिलं आणि तरीही वकीलपत्रावर सही केली. गरज तशी होती.

दावा लिहिताना दोन गोष्टी घडल्या. त्यातली एक वकिलांची चूक नव्हती.

वकिलांनी लिहिलं होतं : 'वादी घरबसल्या किरकोळ शिवणकाम करते.'

"हे खोडा," रफूकाकू म्हणाल्या.

"का? बरोबर आहे की."

"शिवणकाम शिंपी करतात. आणि किरकोळ काय? माझ्याकडे कुठकुठून कोट येतात. आजवर एक कपडा परत आला नाही."

"काकू, दाव्यात गरीब दिसलेलं चांगलं असतं."

"गरीब दिसा म्हणालात तर दिसते. अडाणी नाही दिसणार."

शेवटी वकिलांनी हात टेकले आणि लिहिलं : 'वादीचे रफूकाम सर्वदूर मान्यता पावलेले असून ते सदर खिडकीच्या उजेडात सकाळी नऊ ते दुपारी चार अखंड चालते.' रफूकाकूंनी ते वाक्य दोनदा वाचून घेतलं. दुसऱ्यांदा वाचताना वकिलांनाही ते बरं वाटलं.

दुसरी गोष्ट किमतीची.

"उजेडाची किंमत काय लावायची?" वकिलांनी विचारलं.

"उजेडाला किंमत असते?"

"कोर्टात किंमत नसलेली वस्तू मागता येत नाही. आकडा लागतो. आकड्यावर फी बसते, आणि आकड्यावरूनच कोर्ट ठरतं. पाच लाखांपर्यंत आपलं हे छोटं कोर्ट. वर गेलं की मोठं कोर्ट, म्हणजे पहाटेची बस पकडली तर दुपारी पोचाल." त्यांनी पेन चावलं आणि पंचवीस हजार लिहिले. उजेडाच्या सगळ्या दाव्यांना ते हीच किंमत लावत आले होते. असे दावे आजवर दोन झाले होते, त्यातला एक विहिरीचा निघाला.

कोर्टानं तात्पुरता मनाईहुकूम दिला. भिंत पाच थरांवर थांबली. विटांच्या ढिगावर ताडपत्री आली. रफूकाकूंना वाटलं, झालं.

दीड महिन्यानं दिराची लेखी कैफियत आली. ती वाचताना त्यांना क्षणभर वाटलं, भाऊजी बदलले. 'सदर उजेड हा साधासुधा उजेड नव्हे,' असं तिथे लिहिलं होतं. 'वादीचे संपूर्ण उत्पन्न, लौकिक व हस्तकौशल्य त्या उजेडावर अवलंबून असून त्याची किंमत पंचवीस हजार लावणे ही त्या उजेडाची विटंबना होय.' सासऱ्यांनीही कधी त्या खिडकीचं इतकं कौतुक केलं नव्हतं.

"हे चांगलं लिहिलंय की," त्या म्हणाल्या.

पुरवणी वकिलांनी कपाळाला हात लावला. "काकू, तुमचा उजेड स्वस्त आहे असं म्हणणं आता आपल्याला भाग आहे. तो महाग आहे असं ते म्हणणार. किंमत पाच लाखांवर गेली की आपला दावा या कोर्टात बसत नाही. दावा परत मिळतो आणि त्याबरोबर मनाईहुकूम जातो. मोठ्या कोर्टात नव्यानं दाखल करायचा, नंबर पडायचा, मग सुनावणी."

"किती दिवस?"

"दोन महिने धरा."

"आणि भिंतीला?"

"ते गवंड्याला विचारावं लागेल."

रफूकाकूंनी ते आधीच विचारलं होतं. गवंडी दीड दिवस म्हणाला होता.

"एकदा भिंत उभी राहिली की पाडून मिळायला जन्म जातो," वकील म्हणाले. "आपला तरी जातो. तेव्हा मला खरा आकडा सांगा. दिवसाला किती कपडे येतात?"

"येतात."

"किती?"

"हाताला उसंत नसते."

"अहो, हेच तर ते म्हणतायत! वही असेल ना कामाची?"

"वही ठेवत नाही मी," रफूकाकू म्हणाल्या आणि वकिलांच्या उसवलेल्या अस्तराकडे बघत राहिल्या.

वही होती. कपाटात, खालच्या फळीवर, दोऱ्यांच्या डब्यामागे. सासऱ्यांची शिस्तच होती : कपडा आला की तारीख, कपडा, भोकाचं माप आणि मालकाचं नाव. पूर्वी एका पानावर आठवडा मावत नसे. गेल्या वर्षभराच्या नोंदी एकाच पानावर होत्या आणि खाली जागा उरली होती. एकोणीस ओळी.

लोकांनी रफू करायचं सोडलं होतं. कोट फाटला की नवा घेत, आणि पुष्कळदा फाटायच्या आधीच घेत. यात कुणाचं भांडण नव्हतं, कुणाचा दोष नव्हता. त्यामुळे तक्रार करायलाही कुणी नव्हतं.

पण खिडकी आवारावर होती आणि आवारापलीकडे जाऊ होती. रिकाम्या हातानं बसलेली थोरली जाऊ धाकटीला दिसावी ही कल्पनाच रफूकाकूंना सहन होईना. म्हणून त्या नवाच्या ठोक्याला खिडकीशी बसत. मांडीवर सासऱ्यांच्या वेळचा गर्द निळ्या लोकरीचा हातभर तुकडा असे. त्याला पात्यानं करंगळीएवढं भोक पाडायचं आणि रफू करायचं. मग दुसरीकडे पाडायचं. बोटं सुटू नयेत म्हणून, असं त्या स्वतःला सांगत. चार वाजता तुकडा घडी करून ठेवत आणि दमल्यासारखी मान मोडत. मान खरोखरच दमलेली असे. सहा वर्षं हे चाललं होतं.

म्हणजे आता दोनच वाटा होत्या. गप्प राहायचं आणि खिडकी घालवायची. नाहीतर भर कोर्टात, दिरासमोर आणि जावेसमोर, ती वही उघडायची. तारखेच्या आदल्या दिवशी त्यांनी कपाट उघडलं, डबा सरकवला आणि वही तिथेच ठेवून कपाट बंद केलं. निळा तुकडा मात्र सवयीनं पिशवीत गेला.

तारखेला सकाळी कोर्टाच्या व्हरांड्यात दीर फोनवर होता. त्यांना बघून त्यानं आवाज खाली केला नाही. "माल कालवून ठेव. बारापर्यंत सांगतो. हो, चार माणसं ठेव. दोन वरती, दोन खाली."

शेजारी जाऊ उभी होती. ती कानकोंडी झाली आणि म्हणाली, "ताई, चहा घेतलात?"

"घेतला."

"मला साक्षीला बोलावलंय. मी म्हटलं, मी खरं तेच सांगणार."

"सांग की," रफूकाकू म्हणाल्या. "खरं सांगायला कुणी अडवलंय?"

न्यायाधीश बाईंना सर्दी झाली होती. टेबलावर कायद्याची पुस्तकं कमी आणि रुमाल जास्त होते. "आज फक्त किमतीचा मुद्दा," त्या नाक पुसत म्हणाल्या. "उजेडाचा हक्क आहे की नाही, हे आज नाही. आणि तारीख मागू नका. या मनाईहुकमाची मुदत आज संपते. आजच ठरवणार."

पुरवणी वकील अर्धे उठले होते, ते पुन्हा बसले.

पहिली साक्ष रफूकाकूंची. पुरवणी वकिलांनी त्यांना चार सोपे प्रश्न विचारले आणि घाम पुसला. मग दिराचे वकील उठले. हळू बोलणारा, स्वच्छ दाढी केलेला माणूस. त्यांच्या काळ्या कोटाच्या खिशाशी कुणीतरी रफू केलं होतं.

"दाव्यात आपण म्हटलंय, काम 'सर्वदूर मान्यता पावलेले' आहे. हे वाक्य वकिलांचं की आपलं?"

"माझं."

"खरं आहे?"

"आहे."

"'नऊ ते चार अखंड चालते.' खरं?"

रफूकाकूंनी जावेकडे पाहिलं. "बसते मी."

"हे काम दिव्याखाली होत नाही का? आजकाल चांगले दिवे मिळतात."

"होतं की," रफूकाकू म्हणाल्या. "तुमच्या खिशाला केलंय तसं होतं. कोट काळा आहे, दोरा निळा आहे. ज्यानं केलं त्याला दिव्याखाली कळलं नाही."

कोर्टात हशा पिकला. लघुलेखकानं मान वाकवून बघितलं. न्यायाधीश बाईंनी खिशाकडे पाहिलं आणि रुमाल तोंडाला लावला, सर्दी होतीच. वकिलांनी खिशावर हात ठेवला नाही. ते हसण्यात सामील झाले आणि हसणं संपेपर्यंत थांबले.

"म्हणजे कितीही चांगला दिवा आणला तरी या उजेडाची सर येणार नाही?"

"नाही."

"त्या उजेडाला पर्यायच नाही."

"नाही," रफूकाकू म्हणाल्या, आणि पुरवणी वकिलांचं तोंड बघून त्यांना समजलं की आपण काय बोलून बसलो.

"एवढंच," दिराचे वकील म्हणाले.

मग जाऊ पिंजऱ्यात आली. तिनं पदर, पर्स आणि चेहरा सावरला.

"वादी दिवसभर काय करतात, तुम्हाला माहीत आहे?"

"न माहीत असायला काय झालं? माझ्या ओट्यासमोर खिडकी आहे त्यांची. नवाला बसतात ते चार वाजेपर्यंत मान वर करत नाहीत. जेवायला पंधरा मिनिटं, तीही घड्याळ लावून. सणवार नाही, आजारपण नाही. मी सांगते, असं काम करणारं माणूस मी बघितलं नाही." तिचा आवाज जरा चढला. "सासरे मला ऐकवायचे ना! थोरलीचे हात बघ आणि तुझे बघ. ते गेले, पण खिडकी होतीच समोर."

"दिवसाला किती कपडे होत असतील?"

"एक सकाळी, एक दुपारी, एवढे तरी होतच असतील. त्याशिवाय का एवढा वेळ बसतं कुणी?"

दिराच्या वकिलांनी कागद न बघता हिशेब सांगितला. दिवसाला दोन कपडे. कपड्यामागे तीनशे, हा दर वादीच्या दारावरच्या पाटीवरच आहे. वर्षाचे कामाचे दिवस तीनशे. वर्षाला एक लाख ऐंशी हजार. वादीची प्रकृती आणि चिकाटी बघता कामाची आणखी दहा वर्षं सहज. एकूण अठरा लाख. "आणि पर्याय नाही, हे वादी स्वतः म्हणाल्यात."

पुरवणी वकील उलटतपासणीला उठले. "तुम्ही ते कपडे मोजलेत का?"

"मी कशाला मोजू?"

"म्हणजे मोजले नाहीत!"

"अहो, ताईंनी मान वर केली असती तर विचारलं असतं ना, किती झाले म्हणून!"

पुरवणी वकील बसले.

न्यायाधीश बाईंनी पेन उचललं. "वादीतर्फे आणखी काही?"

वकिलांनी वळून पाहिलं. त्यांच्या डोळ्यांत पहिल्यांदाच अर्ज नव्हता, नुसती विनवणी होती. मागच्या बाकावरून दीर उठला आणि खिशातून फोन काढत दाराकडे निघाला. पावणेबारा झाले होते.

जाऊ अजून पिंजऱ्यातून उतरत होती. ती उतरेपर्यंत त्या थांबल्या आणि मग उभ्या राहिल्या.

"मला बोलायचंय."

"वकिलांमार्फत बोला," न्यायाधीश बाई म्हणाल्या.

"वकिलांना माहीत नाही ते."

बाईंनी पेन खाली ठेवलं. "या पुढे."

पिंजऱ्याचं लाकूड हातांनी गुळगुळीत झालेलं होतं. रफूकाकूंनी ते धरलं.

"दिवसाला दोन कपडे येत नाहीत," त्या म्हणाल्या. "वर्षाला एकोणीस आले."

दारापाशी दीर फोन कानाला लावून थांबला.

"एकोणीसशे?" न्यायाधीश बाईंनी विचारलं.

"एकोणीस. वीसला एक कमी."

दिराचे वकील ताडकन उठले. "मघाशी शपथेवर म्हणालात, अखंड चालतं! आता खोटं बोलताय की मघाशी बोललात?"

"मघाशी मी बसते म्हणाले. बसतेच. पण दाव्यात लिहिलंय ते खोटं आहे. वही ठेवत नाही असं वकिलांना सांगितलं, तेही खोटं. वही आहे."

पुरवणी वकिलांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं. दुःखानं की आनंदानं, ते बाहेरून कळेना.

"वही कुठे आहे?"

"घरी. जाऊन येऊन अर्धा तास."

न्यायाधीश बाईंनी घड्याळ पाहिलं. "साडेबाराला मी उठते. त्याआधी आणा."

रफूकाकू धावल्या म्हणणं बरोबर होणार नाही, पण गल्लीनं त्यांना इतकं भरभर जाताना कधी बघितलं नव्हतं. आवारात ताडपत्री काढलेली होती. दोन माणसं परांचीवर चढून बसली होती. खाली गवंडी कालवलेल्या मालात थापी फिरवत होता.

"काकू, काय ठरलं हो?" त्यानं विचारलं. "साहेब फोन करतो म्हणाले, करतच नाहीत. माल दीड तासात वापरावा लागतो, नाहीतर फुकट."

"फुकट जाऊ दे," रफूकाकू म्हणाल्या आणि दार उघडलं.

कपाट, खालची फळी, डबा. डबा हाताला लागून पालथा झाला आणि रिळं खोलीभर गेली. त्या वाकल्या नाहीत. वही पिशवीत टाकली आणि दार नुसतं ओढून घेतलं.

बारा वीसला न्यायाधीश बाईंनी ते पान वाचलं. मनात वाचायला हवं होतं, पण नाक बंद असल्यामुळे की काय, त्या मोठ्यानं वाचत गेल्या. करड्या रंगाचा कोट, बोटभर. बाईची शाल, तीन भोकं. काळी पँट, गुडघा. मग दीड महिना काही नाही. पुन्हा शाल, तीच बाई. प्रत्येक ओळीला रफूकाकूंच्या कानाची पाळी तापत गेली. दीर बाकावर येऊन बसला होता. जाऊ त्याच्या शेजारी तोंड उघडं ठेवून ऐकत होती. एकोणिसाव्या ओळीनंतर बाईंनी पान उलटलं. मागे कोरं होतं.

"वही खोटी कशावरून नाही?" दिराचे वकील म्हणाले. "माझी साक्षीदार यांना रोज सात तास काम करताना बघते. मग सात तास या करत होत्या तरी काय?"

रफूकाकूंनी पिशवीतून निळा तुकडा काढला आणि समोर ठेवला.

न्यायाधीश बाईंनी तो उलटसुलट केला, चष्मा वर करून बघितला, खिडकीकडे धरला. "यात रफू कुठे आहे?"

"सगळं रफूच आहे," रफूकाकू म्हणाल्या. "भोक पाडायचं, भरायचं. काम येत नाही. हात रिकामे दिसायला नकोत, म्हणून. सहा वर्षं झाली. मूळ कापड किती उरलंय, मलाही सांगता येणार नाही."

"अगं बाई!" मागच्या बाकावरून जावेचा आवाज आला. ती उभीच राहिली होती. "सहा वर्षं? मी सहा वर्षं दुपारची आडवी झाले नाही, ताई! कंबर मोडायची माझी. मनाशी म्हणायचे, त्या बसल्यात आणि मी काय लोळू?"

"खाली बस," दीर दातांतून म्हणाला.

"तुम्ही गप्प बसा! तुम्हाला काय, तुम्ही गोदामात झोपता!"

"साक्षीदारानं खाली बसावं," न्यायाधीश बाई म्हणाल्या. "आणि हे नोंदवू नका." लघुलेखकानं नाखुशीनं हात थांबवला.

दिराच्या वकिलांनी शेवटचा प्रयत्न केला. "पण मग धंदाच उरला नाही, तर उजेडाची गरज काय? असा दावा चालवायचाच कशाला?"

"तो मुद्दा पुढे घ्या," बाई म्हणाल्या. "सकाळी तुम्हीच उजेड अठरा लाखांचा म्हणत होतात. दुपारी तो फुकटचा कसा झाला?"

रफूकाकू पिंजऱ्यातून उतरल्या. जावेजवळून जाताना त्यांनी तिच्या कपड्यांकडे पाहिलं नाही, तोंडाकडे पाहिलं. जावेनं नजर वळवली, पण बाकावर सरकून जागा केली. रफूकाकू तिथे बसल्या नाहीत. पुढे जाऊन वकिलांच्या मागे बसल्या.

"काकू, हे आधी सांगितलं असतंत तर," पुरवणी वकील पुटपुटले.

"तर तुम्ही किरकोळ लिहिलं असतंत."

साडेबाराला पाच मिनिटं असताना आदेश सांगण्यात आला. 'वादीने हजर केलेल्या नोंदवहीवरून वार्षिक कामे एकोणीस, प्रत्येकी रुपये तीनशे, कालावधी दहा वर्षे, असे धरून दाव्याचे मूल्यांकन सत्तावन्न हजार ठरविण्यात येते. सबब दावा या न्यायालयाच्या अधिकारक्षेत्रात आहे. फीची तूट वादीने सात दिवसांत भरावी. मूल्यांकनाबाबतचा प्रतिवादीचा आक्षेप फेटाळण्यात येतो. वादीच्या व्यवसायास कोणत्याही प्रकारे अडथळा पोहोचू नये, या दृष्टीने मनाईहुकूम पुढील तारखेपर्यंत कायम करण्यात येतो. पुढील तारीख अकरा आठवड्यांनी.'

त्या अकरा आठवड्यांत रफूकाकूंकडे एकही कपडा आला नाही.